घरातल्या म्हाताऱ्या फौजीसोबत राहायचं कसं

आमचे आबा, म्हणजे माझे सासरे, १९७१ च्या लढाईत पूर्व आघाडीवर होते. जंगी पलटण, म्हणजे पहिली मराठा लाइट इन्फंट्री, लढाई आत्ताच्या बांगलादेशातल्या जमालपूरची. भरती झाले तेव्हा अठरा वर्षांचे, हवालदार म्हणून पेन्शनीत आले तेव्हा छत्तीस, मग चोवीस वर्षं बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभे राहिले आणि ती नोकरी संपल्यावर शेती. आता पंचाहत्तरी पार झालीय. सातारा जिल्ह्यात असं घर शोधायला लांब जावं लागत नाही, अपशिंगे मिलिटरीसारखं गाव आहे जिथनं पहिल्या महायुद्धात ४६ जण गेले ते परत आलेच नाहीत, आणि आमच्याही गावात प्रत्येक आळीत एक तरी फौजी आहे. पण या माणसांसोबत म्हातारपणी राहायचं कसं हे कुणी सांगत नाही. मला गेल्या चार वर्षांत जे कळलं, बरंचसं चुकून चुकून, ते इथं लिहितेय.

पहिलं म्हणजे हे लक्षात घ्या की लढाईला पन्नास वर्षं झाली म्हणजे ती संपली असं नसतं. आबा पेन्शनीत आले तेव्हा काहीच झालं नव्हतं, कारण एक वर्दी उतरली की दुसरी चढली, पहाटे उठायचं, बूट पुसायचे, ड्यूटीवर जायचं, सगळं तसंच चालू राहिलं. नंतर शेतानं तेच केलं. गडबड सुरू झाली ती गुडघ्यांमुळं शेत सुटलं तेव्हा, त्यात कान गेले आणि सासूबाई वारल्या. डोक्याला धरून ठेवणारं एकेक काम सुटत गेलं आणि वीस-एकविसाव्या वर्षी बघितलेलं सगळं वर आलं. डॉक्टरांनी सांगितलं की म्हाताऱ्या सैनिकांमध्ये हे बऱ्याचदा असंच उशिरा येतं, नोकरी, बायको आणि तब्येत यातलं काहीतरी गेलं की. त्यामुळं तुमच्या घरातला फौजी आयुष्यभर ठणठणीत होता आणि आता अचानक चिडचिडा झाला, रात्री फिरायला लागला, गप्प बसायला लागला, तर “म्हातारचळ लागला” म्हणून सोडून देऊ नका.

झोपेतनं उठवणं

हे सगळ्यात आधी सांगते कारण यात इजा होऊ शकते. आमच्या सासूबाई आबांना कधीच हात लावून उठवायच्या नाहीत. दारात उभ्या राहायच्या, कपबशी वाजवायच्या, “अहो, चार वाजले” असं दोनदा म्हणायच्या आणि आबांनी डोळे उघडून त्यांच्याकडं बघेपर्यंत उंबरा ओलांडायच्या नाहीत. वीस वर्षं मी हे बघितलं आणि मला वाटायचं जुन्या बायकांची रीत असेल. त्या गेल्यावर चौथ्या महिन्यात एका रात्री आबा झोपेत ओरडले, आमचे हे पळत गेले आणि खांदा धरून त्यांना हलवलं, तर आबांनी ह्यांचं मनगट असं पिरगाळलं की दोन आठवडे पट्टा बांधावा लागला. जागे झाल्यावर आबा त्या हाताकडं नुसते बघत बसले. सकाळपर्यंत झोपले नाहीत, आणि दुसऱ्या दिवशी स्वतःची खाट उचलून गोठ्याकडच्या खोलीत घेऊन गेले, एकटं झोपायला.

सासूबाईंना हे कधी आणि कसं कळलं असेल माहीत नाही, त्यांनी कुणाला सांगितलं नाही, पण त्यांनी जे केलं तेच बरोबर होतं. म्हणून तुम्ही पण असंच करा. झोपलेल्या माणसाला हात लावायचा नाही. पायाकडं उभं राहायचं, म्हणजे डोळे उघडल्याबरोबर तुम्ही समोर दिसाल, आणि लांबूनच साध्या आवाजात हाक मारायची. आधी दिवा लावायचा. जाग आली की “आबा, मी आहे, आपण घरी आहोत, पाणी आणू का” एवढंच बोलायचं, काय स्वप्न पडलं ते तेव्हा विचारायचं नाही. खोलीत रात्रभर बारीक दिवा ठेवा, पूर्ण अंधार नको. खाट कुठं ठेवायची ते त्यांनाच ठरवू द्या, आबांना पाठीला भिंत आणि समोर दार लागतं, दाराकडं पाठ करून ते जेवायलासुद्धा बसत नाहीत. आम्ही घर रंगवलं तेव्हा सोयीसाठी खाट खिडकीखाली सरकवली होती, आठ दिवस माणूस झोपला नव्हता आणि आम्हाला कारण कळत नव्हतं.

पहाटे उठून कड्या-कुलपं तपासत फिरतात त्यावरून पण चिडू नका. खंदकात उजाडताना आणि अंधार पडताना सगळ्यांनी हत्यार घेऊन तयार राहायचं असतं, त्याला ते स्टँड टू म्हणतात, कारण हल्ला त्याच वेळेला येतो. ती सवय अंगात बसलेली असते. आता आम्ही कुलपं लावायचं काम अधिकृतपणे आबांकडंच दिलंय, रात्री साडेनऊला सगळी दारं बघून ते सांगतात “सब ठीक” आणि मग झोपतात, तेव्हापासून रात्रीचं फिरणं निम्म्यानं कमी झालं.

कान आणि आवाज

मॉर्टर, रिकॉइललेस गन, मशीनगन, यांच्या शेजारी कानात काहीही न घालता ही माणसं उभी राहिलीत. त्यांचा कान जातो तो एका विशिष्ट पद्धतीनं जातो, बारीक, उंच आवाज आधी जातात. म्हणजे बायकांचा आणि पोरांचा आवाज ऐकू येत नाही पण मुलाचा जाडा आवाज येतो. मी कितीतरी दिवस धरून चालले होते की आबा माझं मुद्दाम ऐकत नाहीत आणि ह्यांचं बरोबर ऐकतात, मनात राग धरला होता मी त्याचा. मग ऑडिओग्राम, म्हणजे कानाच्या तपासणीचा आलेख, काढला तेव्हा कागदावर रेष अशी खाली गेलेली दाखवली डॉक्टरांनी आणि मला त्या दवाखान्यातच रडू आलं. म्हणून कान तपासून घ्या, आधी तेच करा, कारण ऐकू येत नसलेला माणूस हळूहळू घरातनं उठून जातो, बोलणं सोडतो, आणि रिकाम्या डोक्यात मग जुनं सगळं चालू होतं. कानाचं मशीन ईसीएचएसमधनं, म्हणजे माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेतनं, मिळतं, कानाच्या डॉक्टरांनी लिहून द्यावं लागतं. मशीन आणल्यावर पहिला महिना फार त्रास देतात, काढून ठेवतात, भांड्यांचा आवाज सहन होत नाही, पण रोज एक-दोन तास असं वाढवत नेलं की बसतं.

आणि मोठे आवाज. गणपतीची डॉल्बी, लग्नातले बॉम्ब, विहिरीचे सुरुंग. अचानक झालेला आवाज त्रास देतो, आधी माहीत असलेला कमी देतो, हा फरक फार कामाचा आहे. आमच्या शेजारी विहिरीचं काम चाललं होतं तेव्हा मी त्या माणसांना सांगून ठेवलं की सुरुंग लावायच्या आधी पाच मिनिटं फोन करा, मग मी आबांना सांगायची, ते घड्याळ लावून बसायचे आणि आवाज झाला की मान डोलवायचे. दिवाळीत पोरांना सांगा की लवंगी, सुतळी काय वाजवायचं ते संध्याकाळी ठरलेल्या वेळात आणि आजोबांना सांगून. लपून मागनं फटाका लावण्याची गंमत या घरात चालत नाही, हे पाहुण्यांच्या पोरांनासुद्धा स्पष्ट सांगायचं.

टीव्हीचं पण बघा. मे २०२५ मध्ये पाकिस्तानशी तणाव झाला तेव्हा चॅनेलवाले दिवसभर भोंगे वाजवत होते, शेवटी सरकारला सांगावं लागलं की बातम्यांत हे सायरन वाजवू नका. ते चार दिवस आबा टीव्हीसमोरनं हलले नाहीत, जेवण खुर्चीत, रात्री बूट घालून झोपले. टीव्ही बंद करून उपयोग होत नाही, त्यांना वाटतं काहीतरी लपवताय. सकाळ-संध्याकाळ ठरलेल्या वेळेला अर्धा तास बातम्या आणि मधल्या वेळात पलटणीतल्या कुणाला तरी फोन लावून द्यायचा, असं जमतं.

काय विचारायचं, काय नाही

“आबा, तुम्ही किती जण मारले?” हा प्रश्न घरात येणारा प्रत्येक तरुण पोरगा विचारतो. तो विचारू द्यायचा नाही. हे मी अगदी कडकपणे सांगते. त्या प्रश्नाचं उत्तर त्या माणसानं बायकोला पण दिलेलं नसतं.

त्याऐवजी साधं विचारा. जेवायला काय मिळायचं, थंडीत अंगावर काय असायचं, पलटणीत गाणं कोण म्हणायचं, पहिल्या पगारात काय घेतलं, सुट्टीवर यायला किती दिवस लागायचे, रेल्वेत कुठं बसायचात. अशा प्रश्नांवर आबा तासभर बोलतात, आणि बोलता बोलता एखादं वाक्य लढाईतल्या रात्रीचं येऊन जातं. ते आलं की तोंड मिटून ऐकायचं. “अरे बापरे” नाही, “तुम्ही देशासाठी केलंत” नाही, लगेच सल्ला नाही, मोबाईल काढून शूटिंग तर अजिबात नाही. ते थांबले की थांबायचं, परत दुसऱ्या दिवशी “काल तुम्ही सांगत होता ते...” असं उकरायचं नाही. सांगायचं असेल तर ते स्वतः सांगतील.

तारखांचं एक आहे. १६ डिसेंबरला विजय दिवस असतो, शाळेत बोलावतात, शाल-श्रीफळ होतं, आबा ‘पूर्वी स्टार’ आणि ‘संग्राम मेडल’ ही ७१ ची पदकं लावून जातात, सगळं छान होतं. पण आबांचा दिवस तो नाही. १० डिसेंबरची रात्र, जमालपूरहून बाहेर पडणाऱ्या पाकिस्तानी फौजेला यांच्या पलटणीनं अडवलं ती रात्र, त्यांचा दिवस आहे. त्या रात्री त्यांच्या शेजारचा एक जण गेला, आमच्याच भागातला. दरवर्षी डिसेंबरचा दुसरा आठवडा लागला की घरात भांडणं व्हायची, जेवणावरून, पाण्यावरून, कशावरूनही, आणि मला हा संबंध लागायला अकरा वर्षं लागली. तुमच्या घरातल्या फौजीची पण अशी एक तारीख असणार, कॅलेंडरवर छापलेली नसते. ती शोधा. आम्ही आता त्या दिवशी सकाळी त्या माणसाच्या नावानं पान ठेवतो, बाकी काही बोलत नाही, आबा जेवून घेतात आणि शेताच्या कडेनं एकटे चालून येतात.

काम द्या

“आता आराम करा” हे प्रेमानं म्हटलेलं वाक्य आहे आणि फार वाईट आहे. त्यांच्या भाषेत त्याचा अर्थ तुमची गरज संपली असा होतो. काम द्यायचं, आणि खरं काम द्यायचं, नाटकी नाही, कारण खोटं काम त्यांना लगेच कळतं. वेळ ठरलेली पाहिजे, जबाबदारी त्यांची पाहिजे आणि त्यांनी नाही केलं तर खरंच अडलं पाहिजे. आमच्याकडं मोटरचं वेळापत्रक आबांकडं आहे, थ्री फेज लाइट कुठल्या आठवड्यात दिवसा, कुठल्या आठवड्यात रात्री, ते वहीत लिहितात आणि पोरांना ड्यूटी लावतात.

दुसरं म्हणजे भरतीची पोरं. आमच्या रस्त्यावर पहाटे पाच वाजता पोरं १६०० मीटर पळायला येतात. एक दिवस आबा कट्ट्यावर बसून बघत होते, मग हातातलं घड्याळ बघून एकाला ओरडले की शेवटच्या चारशेला दम राखत नाहीस तू. आता रोज खुर्ची टाकून बसतात, प्रत्येकाची वेळ लिहितात. पोरांनाही गरज आहे आणि आबांना पहाटेचं जागरण कारणी लागतं. तुमच्याकडं भरतीची पोरं नसतील तर शाळेचा झेंडा, मंदिराचा हिशोब, सोसायटीचा पाण्याचा टँकर, काहीही चालेल.

जखमी होऊन आलेल्यांसाठी पण हेच. मुरलीकांत पेटकर सांगलीचे, १९६५ ला गोळ्या लागून अंग लुळं पडलं आणि १९७२ ला हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये पोहण्यात सुवर्णपदक आणलं. सगळ्यांना पदक मिळणार नाही पण काम सगळ्यांना मिळू शकतं. ज्यांचा पाय गेलाय त्यांचा कृत्रिम पाय म्हातारपणी सैल व्हायला लागतो कारण मांस उतरतं, मग घासतो, जखम होते आणि माणूस चालायचं सोडतो. पुण्याचं कृत्रिम अवयव केंद्र १९४४ पासूनचं आहे, तिथं परत माप घेऊन पाय नीट करून घ्या.

आणि जोडीदार भेटवा. पलटणीतले जिवंत असलेले आता मोजके उरलेत. पंचाहत्तरीच्या पुढच्यांना आपल्या एसटीत तिकीट नाही, तेव्हा महिन्यातनं एकदा सोबत जाऊन एखाद्याच्या घरी नेऊन सोडा आणि तुम्ही बाजूला बसा. आबा आणि त्यांचे एक मित्र दोन तास शेजारी बसतात आणि जेमतेम दहा वाक्यं बोलतात, पण परत येताना माणूस वेगळा असतो.

दारू, गोळ्या आणि डॉक्टर

मिलिटरी कँटीनचा दारूचा कोटा प्रत्येक फौजीच्या घरात येतो, त्यावर मी काही नैतिक बोलणार नाही. पण रम घेऊन झोप लागते आणि अडीच-तीनला मोडते, आणि स्वप्नं त्याच्यानंतरच जास्त पडतात, हे आम्ही वहीत लिहून बघितलं. आबांनी स्वतः ते वाचून कमी केली, मी बोलून दहा वर्षांत झालं नव्हतं. झोपेची गोळी आणि दारू एकत्र कधीही नको, यात जीव जाऊ शकतो. रोज भरपूर घेणाऱ्याची अचानक बंद पण करू नका, डॉक्टरांना विचारून करा.

डॉक्टरकडं “तुमचं डोकं तपासायचंय” म्हणून नेऊ नका. “झोप लागत नाही, त्यासाठी जाऊ” हे खरंही आहे आणि त्यांना पटतंही. ईसीएचएस पॉलिक्लिनिकमधनं मानसोपचाराचं रेफरल मिळतं. १४४१६ हा टेलि-मानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा, नंबर चोवीस तास चालतो, मराठीत बोलता येतं, आणि पुण्यात एएफएमसीमध्ये, म्हणजे फौजेच्या मेडिकल कॉलेजात, खास फौजी आणि त्यांच्या घरच्यांसाठी त्यांचा वेगळा कक्ष केलाय. आधी मीच फोन केला होता, आबांनी नंतर.

एक गोष्ट लपवून चालत नाही. गार्डची नोकरी केलेल्या बऱ्याच घरात लायसनची बारा बोअर असते. माणूस जेवत नसेल, वस्तू वाटून टाकत असेल, “आता बास झालं” अशी भाषा करत असेल तर बंदूक घरात ठेवू नका, पोलीस स्टेशनला किंवा परवानाधारक दुकानात जमा करता येते. आम्ही आबांना विचारून केली, लपवून नेली नाही. त्यांनी स्वतः साफ केली, तेल लावलं, कापडात गुंडाळली आणि ह्यांच्या हातात दिली.

ट्रंकेतले कागद

हे कंटाळवाणं आहे पण यातनं पुढचा फार मोठा त्रास वाचतो. आमच्या आळीतल्या एका काकूंचे मालक वारले, डिस्चार्ज बुकमध्ये बायकोचं नाव माहेरचं आणि आधारवर सासरचं, जन्मसाल दोन्हीकडं वेगळं. दीड वर्ष काकूंना फॅमिली पेन्शन नव्हती, पासष्ट वर्षांची बाई या खिडकीवरून त्या खिडकीवर. नवरा जिवंत असताना एका अर्जात झालं असतं.

म्हणून डिस्चार्ज बुक, पीपीओ (पेन्शन मंजुरीचा आदेश), आधार, बँकेचं पासबुक समोर मांडा आणि नाव, जन्मतारीख, बायकोचं नाव अक्षर न् अक्षर जुळतं का बघा. जुळत नसेल तर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात जा, तिथनं प्रतिज्ञापत्रासकट अर्ज रेकॉर्ड ऑफिसला जातो, मराठाचं बेळगावला, महारचं सागरला, बॉम्बे सॅपर्सचं खडकीला. पेन्शन आता स्पर्शवर, म्हणजे फौजी पेन्शनच्या ऑनलाइन पोर्टलवर, आलीय, त्याचा लॉगिन आणि मोबाईल नंबर चालू आहे ना बघा, नंबर नातवाचा असेल आणि नातू पुण्याला असेल तर ओटीपी येऊन उपयोग नाही. हयातीचा दाखला वर्षातनं एकदा, आणि नांगर धरलेल्या बोटांचे ठसे उमटत नाहीत, तेव्हा जीवन प्रमाण ॲपवर चेहऱ्यानं करा, घरी बसून होतं. ८० पूर्ण झाली की मूळ पेन्शनवर २० टक्के वाढ असते, ८५ ला ३०, ९० ला ४०, ती लागली का ते स्वतः तपासा. फोनवर “स्पर्शमधनं बोलतोय, ओटीपी सांगा” असं कुणी म्हटलं तर फोन ठेवून द्यायचा, हे आबांना तीन वेळा समजावून सांगितलंय. १९९६ च्या आधी पेन्शनीत आलेल्यांना ईसीएचएसची वर्गणी माफ आहे, तरी कितीतरी जणांनी कार्डच काढलेलं नाही. आणि घरपट्टी माफीचा अर्ज ग्रामपंचायतीत द्यायचा राहिला असेल तर तोही याच वेळेला करून टाका.

हे काम त्यांच्या मागं करू नका. आम्ही एका रविवारी ट्रंक उघडली तेव्हा आबांना शेजारी बसवलं, कागद त्यांनीच काढले, एकेक वाचून माझ्या हातात दिला आणि मी फाइलला लावला. तीन तास लागले. सगळ्यात खाली एक पोस्टकार्ड होतं, त्या जमालपूरच्या मित्राच्या आईचं, पोरगा कसा गेला ते कळवा म्हणून. आबांनी ते फाइलला लावू दिलं नाही, खिशात ठेवलं, आणि म्हणाले पुढच्या एसटीनं त्या गावाला जाऊन यायचंय, तू चल बरोबर.